बादलीनं आणलेली भरती

खाडी म्हणजे काय हे मला वयाच्या पस्तिशीपर्यंत धड माहीत नव्हतं, आणि पुढंही कळलं नसतं तर माझं काही अडलं नसतं. आमच्या औरंगाबादेत पाणी दोनच प्रकारचं, नळाला आलेलं आणि नळाला न आलेलं. समुद्राचं पाणी दिवसातून दोनदा पुढं येतं, दोनदा मागं जातं आणि त्याची वेळ चंद्र ठरवतो, ही गोष्ट भूगोलाच्या पुस्तकात एका परिच्छेदात उरकलेली असायची. मी गारखेड्यातल्या एका शाळेत गणित शिकवायचे. त्या शाळेत विज्ञानाला एक सर आले, आणि पुढची काही वर्षं माझे तास चंद्राच्या मर्जीनं चालले.

आजही त्यांची आठवण आली की मला आधी राग येतो. मग दुसरंही काही येतं, पण राग आधी.

सर रत्नागिरीकडचे. काटकुळे, काळेसावळे, पायात बारा महिने रबरी चपला. बोलणं किंचित नाकातलं, आणि मुलींना हाक मारताना 'गो' लावायचे. "काय गो, आलीस?" मुलींना त्याची इतकी गंमत वाटली की महिन्याभरात साऱ्या वर्गांत 'गो' सुरू झालं. आमचे शिपाई कादरभाई यांचा भाऊ तेव्हा सौदीत, म्हणजे त्यांच्या भाषेत खाडीत, होता. नवे सर खाडीवरचे आहेत असं कुणीतरी सांगितल्यावर कादरभाईंनी पहिल्याच दिवशी चौकशी केली, "सर, उधर गर्मी लई रहती ना?" सर म्हणाले, "घाम फार येतो." दोघांचंही समाधान झालं.

पाणी दिसलं की त्यात बोट बुडवून जिभेला लावायचं, ही त्यांची सवय. माठातलं, टाकीतलं, कुणाच्या घरी गेले तर समोर ठेवलेल्या पेल्यातलंसुद्धा. मग निकाल, "कमी आहे" नाहीतर "जास्त आहे." काय कमी, काय जास्त, हे विचारायची सोय नव्हती. "बरोबर आहे" हे फार क्वचित ऐकू यायचं, आणि ते माणसांच्या पिण्याच्या पाण्याबद्दल तर कधीच नाही. माझ्या सासूबाईंनी त्यांना एकदा सरबत दिलं. त्यांनी त्यातही बोट घातलं. सासूबाईंनी तो पेला पुन्हा घरात घेतला नाही.

प्रयोगशाळेच्या मागच्या भिंतीशी त्यांनी सिमेंटचा हौद बांधून घेतला होता, समोरून काच बसवलेला. आत एका अंगाला काळा चिखल उतरता थापलेला, दुसऱ्या अंगाला पाणी. चिखलात बिळं करून राहणारे खेकडे, त्यांना ते कुर्ल्या म्हणायचे. चिखलाखाली दडलेले शिंपले. आणि निवटे. निवटा हा मासा आहे यावर आमच्यातल्या कुणाचाच विश्वास बसला नाही. बोटाएवढा लांब, डोळे डोक्यावर चढलेले, आणि पाणी ओसरलं की हा पठ्ठ्या परांवर रेलून चिखलावर चालायला लागतो. कादरभाई त्याला शेवटपर्यंत बेडूकच म्हणत राहिले.

आता पाणी ओसरायचं म्हणजे कसं? तर बादलीनं. हौदाशेजारी चौथऱ्यावर एक मोठं पिंप होतं. भरतीच्या वेळी मुलांनी पिंपातलं खारं पाणी सावकाश हौदात सोडायचं, ओहोटीच्या वेळी तेच उपसून परत पिंपात भरायचं. वेळ आमच्या शाळेच्या घंटेची नाही, सरांच्या गावच्या खाडीची. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते, असा त्यांच्याकडचा हिशेब. चतुर्थीला तीन, पंचमीला पावणेचार, अशी भरती रोज पुढं सरकायची आणि एकेका विषयाच्या तासावर पाणी फिरवत जायची. अष्टमीला भर दुपारी ओहोटी. पौर्णिमेला आणि अमावास्येला सव्वाअकराची भरती ऐन प्रार्थनेला यायची. सगळी शाळा मैदानात हात जोडून उभी, आणि सात-आठ मुलं आत बादल्या घेऊन. मुख्याध्यापक म्हणायचे, "अमावास्या पाळणारा विज्ञानाचा मास्तर मी पहिल्यांदा बघतोय."

माझ्या तासाची मुलं दर पंधरवड्याला उठून जायला लागली तेव्हा मी भांडायला गेले.

"बाई, तुमचा तास हलवता येतो," सर म्हणाले. "भरती हलत नाही."

"ती तर तुम्हीच आणता. बादलीनं."

"मी आणतो, पण ठरवत मी नाही."

या माणसाशी काय बोलणार? मी परत आले आणि मुलांना तिथीची पाऊणपट काढायला लावली. अपूर्णांक त्या वर्षी कुणाला अवघड गेले नाहीत, एवढं मात्र कबूल करायला हवं.

हे सगळं कशासाठी, ते त्यांनी मला एकदा डबा खाताना सांगितलं. त्यांच्या गावची खाडी लहानशी. तिच्या तोंडावर बांध घालून आत भातशेती करायची असं ठरलं. ठरवणाऱ्यांत पुढं त्यांचा थोरला भाऊ. सर मे महिन्यात घरी गेले तेव्हा बांध पुरा झाला होता, आतलं पाणी आटत होतं आणि चिखलाला भेगा पडल्या होत्या. हाताला लागलं ते त्यांनी चिखलासकट पत्र्याच्या डब्यांत भरलं आणि एस.टी.नं इथं आणलं. म्हणजे आमच्या हौदात होतं तेवढंच त्या खाडीतलं उरलं होतं.

मी म्हटलं, "कोकणात खाड्यांना काय तोटा? दुसऱ्या खाडीतनं आणा."

"दुसऱ्या खाडीतले दुसऱ्यांचे," ते म्हणाले आणि भाकरीचा तुकडा मोडला. कोकणातला माणूस असून ते भात खात नसत. भाऊ दरवर्षी नव्या शेतातल्या तांदळाचं पोतं पाठवायचा. सर ते जसंच्या तसं कादरभाईंच्या सायकलवर ठेवून द्यायचे. कादरभाईंच्या घरी ईदेची बिर्याणी त्या तांदळाची व्हायची आणि डबा आम्हा सगळ्यांना यायचा. सर तेवढे उठून हौदापाशी जाऊन बसायचे.

राहायला त्यांनी पडेगावात खोली घेतली होती. शाळेपासून इतकी लांब का, तर त्या घराच्या विहिरीचं पाणी मचूळ होतं. भाडेकरू टिकत नव्हते. सरांनी विहिरीत बोट घातलं आणि खोली पक्की केली. सायकलला दोन कॅन लटकवून ते रोज तिथलं पाणी आणायचे आणि त्यात कोकणातलं खडेमीठ मिसळून हौदाची तूट भरून काढायचे. शाळेच्या टाकीतला एक थेंब त्यांनी कधी घेतला नाही. तरी उन्हाळ्यात टँकर लागले की स्टाफरूममध्ये कुजबूज व्हायची, पोरांना प्यायला पाणी नाही आणि यांचे खेकडे डुंबतायत. त्यांनी एकदाही खुलासा केला नाही. मी म्हटलं, सांगून टाका ना एकदाचं. तर म्हणाले, "मोठ्यांना काय सांगायचं? मोठ्यांना सगळं आधीच माहीत असतं."

हे त्यांचं तत्त्वच होतं. मुलांना तासन्‌तास समजावतील, एकच गोष्ट दहा वेळा सांगतील, मुलांच्या चुकीच्या प्रश्नालाही मान डोलावतील. मोठं माणूस जवळ आलं की तोंड बंद. मुख्याध्यापक एकदा चांगल्या मनानं म्हणाले, "सर, चार रंगीत मासे सोडा की हौदात. पालक येतात, बघतील." सर म्हणाले, "रंगीत मासे दुकानात बघावेत," आणि चालू लागले. खारं पाणी, गोडं पाणी, काय जगतं, काय मरतं, हे तेव्हाच उभ्याउभ्या सांगितलं असतं तर पुढचं काही झालं नसतं. लोकांना हे विक्षिप्त वागणं वाटायचं. मला ती घमेंड वाटायची, आजही वाटते.

मुलांमध्ये त्यांची खरी मदार मंगलवर. नववीतली मुलगी, पुंडलिकनगरात वडिलांचं किराणा दुकान. शेती विकून नुकतेच शहरात आलेले. वर्गात तिचा आवाज म्हणून निघायचा नाही, पण हौदापाशी ती दुसरीच कुणीतरी व्हायची. निवटे तिच्या तळहातावर चढून बसायचे. कुठल्या बिळात कुठली कुर्ली हे तिला न बघता माहीत. आणि बोट बुडवून निकाल द्यायचा अधिकार सरांनी सबंध शाळेत फक्त तिला दिला होता. तिनं चाखायचं, डोळे मिटून क्षणभर थांबायचं आणि म्हणायचं, "जरासं कमी हाय, सर." सर मग स्वतः चाखून बघायचे आणि मीठ घालायचे. मीठ मात्र त्यांनीच घालायचं. मुलांनी मिठाला हात लावायचा नाही, हा तिथला एकमेव कडक नियम होता.

एकदा मी मंगलला विचारलं, एवढं काय आहे गं त्या चिखलात? ती म्हणाली, "बाई, त्यांचं गाव बुडलं ना. आता आपलंच गाव त्यांचं." आमच्या पैठणकडं धरणाखाली गावं गेलेली तिनं ऐकली होती. इथलं गाव पाण्यानं गेलं आणि तिथलं पाण्यावाचून, एवढाच काय तो फरक.

मग लोकसभेची निवडणूक लागली. मला आणि सरांना एकाच तालुक्यात ड्यूटी आली. शाळेत मतदान केंद्र असल्यामुळे मुलांना सुट्टी. निघण्याआधी सरांनी मंगलला बोटांवर मोजून भरती-ओहोटीच्या वेळा पाठ करून घेतल्या. एस.टी.त मी विचारलं, "मुख्याध्यापकांना सांगितलंत ना, पोरगी येईल म्हणून? हौदाला हात लावू नका म्हणून?"

"त्यांना सांगून काय होणार? मंगलला सांगितलंय."

मागं काय घडलं ते मला नंतर कादरभाईंकडून आणि मंगलकडून कळलं. मतदानाच्या आदल्या दिवशी अधिकारी केंद्र बघायला आले. प्रयोगशाळेची खोली सर्वांत मोठी, म्हणून मतदान तिथंच. अधिकाऱ्यांनी नाकाला रुमाल लावला. मुख्याध्यापकांनी हौद धुऊन घ्यायला सांगितलं. कादरभाईंनी जनावरं टोपलीत काढून ठेवली, चिखल उपसून लिंबाच्या बुंध्याशी टाकला, खारं पाणी गटारीत सोडलं. पिंप घासून कर्मचाऱ्यांच्या पिण्याच्या पाण्यासाठी बाहेर नेलं. आणि केंद्रासाठी खास आलेल्या टँकरचं स्वच्छ, गोडं पाणी त्यांनी हौदात काठोकाठ भरलं. कुणी सांगितलं नव्हतं तेवढं भरलं. ज्या गावात घागरभर पाण्यासाठी बायका एकमेकींच्या झिंज्या उपटतात, तिथं खेकड्यांना हौदभर. कादरभाई म्हणाले, "बाई, मैं बोल्या बेचारे कित्ते साल से खारा पानी पीरे. एक दिन तो मीठा पिएंगे."

यात काय खोटं होतं? आमच्याकडं कुणाला खारं पाणी दिलं तर तो अपमान असतो.

मंगल ओहोटीच्या वेळेला आली तेव्हा हौद चकचकीत होता आणि कुर्ल्या तळाच्या सिमेंटवर चढायला जागा शोधत होत्या. तिनं पाणी चाखलं. तशीच मुख्याध्यापकांकडं गेली. "सर, ह्ये पाणी नाय चालत त्यास्नी. मरतील." मुख्याध्यापक मतदानाच्या गडबडीत. ते म्हणाले, "अगं बाळ, खाऱ्या पाण्यात कोण जगतं? जा घरी." ती घरी धावली, दुकानातल्या बारीक मिठाच्या जेवढ्या पिशव्या उचलता आल्या तेवढ्या उचलल्या, परत आली आणि हौदात ओतल्या. ओतायची आणि चाखायची, ओतायची आणि चाखायची. मग कादरभाईंनी खोली बंद करायची म्हणून तिला बाहेर काढलं. दुसऱ्या दिवशी मतदान. फाटकावरच्या पोलिसानं तिला आत येऊ दिलं नाही. ती दिवसभर समोरच्या पानटपरीपाशी उभी होती.

आम्ही परतलो ते पेट्या जमा करून, सकाळी, दोघंही पेंगुळलेले. सर घरी न जाता थेट शाळेत गेले, आणि माझी सायकल तिथंच होती म्हणून मीही. प्रयोगशाळेचं दार उघडलं. पाणी दुधासारखं गढूळ झालं होतं. निवटे पोट वर करून तरंगत होते. कुर्ल्या एका कोपऱ्यात एकमेकींवर चढून तशाच राहिल्या होत्या. खिडकीत मिठाच्या रिकाम्या पिशव्या, नीट घडी घालून ठेवलेल्या.

सरांनी बोट बुडवलं. "जास्त आहे," ते म्हणाले.

मंगल दाराशी येऊन उभी होती. आम्ही यायच्या आधीपासून ती फाटकाशी थांबली असावी.

"मीठ कुणी घातलं?"

"म्या. पण सर, पाणी..."

"घालायचं नाही म्हणून सांगितलं होतं?"

"व्हय."

"तुझ्या हातून मेले," सर म्हणाले. आवाज चढवला नाही. तो चढवला असता तर बरं झालं असतं, पोरगी रडून मोकळी झाली असती. ती एकदा हौदाकडं बघून वळली आणि गेली.

मी त्यांना तिथंच म्हटलं, "पाणी तिनं बदललं नाही सर. तिनं वाचवायला मीठ घातलं."

"ज्यांनी बदललं त्यांना माहीत नव्हतं," ते म्हणाले. "तिला माहीत होतं."

"त्यांना माहीत नव्हतं कारण तुम्ही सांगितलं नाही."

ते बाहीनं हौदाची काच पुसत राहिले.

मिठानं मेले, गोड्या पाण्यानं मेले की टँकरमधल्या ब्लीचिंग पावडरीनं, हे कुणालाच सांगता येणार नाही. पण निकाल लागून गेला होता. मुख्याध्यापकांना एक शब्द नाही. कादरभाई स्वतः होऊन हात जोडायला गेले, "सर, मेरेको मालूमच नई था," तर सर त्यांच्या खांद्यावर हात ठेवून "असू दे" म्हणाले. मोठ्यांना माफी होती, कारण मोठ्यांकडून त्यांची काही अपेक्षाच नव्हती. ज्या एकीवर विश्वास टाकला, तिलाच काय ती शिक्षा. शिकवण्याची ही कुठली रीत, मला समजलेलं नाही. मला ती रीत दुष्ट वाटते, आणि तो माणूस चांगला होता म्हणून ती कमी दुष्ट ठरत नाही.

सरांनी त्यानंतर मंगलला हाक मारली नाही. शिकवताना तिच्या बाकापर्यंत नजर जायची आणि पुढच्या बाकावर उडी मारायची. ती दहावीत गेली. माझ्या तासाला ती गणितं सोडवायची, पण तिथी आणि पाऊणपट असं काही आलं की पेन खाली ठेवायची. हौद कोरडा पडला. कुणीतरी त्यात जुने नकाशे रचून ठेवले. सर सायकलवर कॅन लटकवून येतच होते. कॅन रिकामे असायचे, पण काढले नव्हते.

वर्ष संपता संपता त्यांनी राजीनामा दिला. कुठं जाणार हे मोठ्यांना सांगितलं नाही. मुलांपैकीही यावेळी कुणाला सांगितलं नाही.

निरोपसमारंभ प्रयोगशाळेतच ठेवला, त्यांची कर्मभूमी म्हणून. मुख्याध्यापकांनी हौसेनं भेट आणली होती. काचेचं गोल भांडं, त्यात दोन सोनेरी मासे. त्यांच्या मनात काहीही वाईट नव्हतं, हे मी शपथेवर सांगेन. सरांना माशांची आवड, एवढंच त्यांना माहीत होतं. आणि भेट द्यायला त्यांनी मंगलला बोलावलं, कारण सरांची लाडकी विद्यार्थिनी कोण, हेही त्यांना माहीत होतं. तेवढंच.

मंगल भांडं छातीशी धरून पुढं आली. सर उठून उभे राहिले. त्यांनी भांडं घेतलं, टेबलावर ठेवलं, आणि सवयीनं त्यात बोट बुडवून जिभेला लावलं. मुलं हसली.

"बरोबर आहे," सर म्हणाले. आणि वर्षभरात पहिल्यांदा तिच्याकडं बघून बोलले. "तूच ठेव गो हे. माझ्याकडं कुठं राहणार? तुझ्या हाताला जगतील." त्यांनी भांडं दोन्ही हातांनी उचलून तिच्यापुढं धरलं.

तिनं हात मागं घेतले.

"नको सर," मंगल म्हणाली. "माझ्या हातून मरतात."

समोर माइक होता, तो चालू होता. तिचं एरवी न निघणारं बोलणं शेवटच्या बाकापर्यंत गेलं. मुख्याध्यापक कौतुकानं हसले आणि म्हणाले, "बघा, किती नम्र मुलगी आहे." सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. सर खाली बसले. अजून तिघांची भाषणं व्हायची होती, ती होईपर्यंत भांडं त्यांच्या मांडीवरच होतं.